पात्रता नाकारली गेली. आता न्यायालयात जावे का?

प्रश्न : डोंबिवलीच्या एका वाचक भगिनींच्या पत्राचा हा सारांश असून ओळख पटेल असे तपशील वगळले आहेत. दहावीनंतर घरच्या परिस्थितीमुळे त्यांचे शिक्षण सुटले. लग्नानंतर एका पतपेढीत नोकरी करता करता त्यांनी मुक्त विद्यापीठाचा पूर्वतयारी अभ्यासक्रम (बारावी नसलेल्यांना पदवीची वाट मोकळी करणारा) केला आणि पुढे तिथूनच बी.ए. झाल्या, बारावीची परीक्षा मात्र कधी दिली नाही. नंतर सीईटी (प्रवेश परीक्षा) देऊन कॅप, म्हणजे केंद्रीय प्रवेश प्रक्रियेच्या, फेरीतून मुंबईतील एका विधी महाविद्यालयात तीन वर्षांच्या एलएल.बी.ला त्यांना प्रवेश मिळाला. त्या वेळी त्यांनी सर्व कागदपत्रे दिली, एका छापील हमीपत्रावर सही केली, आणि पहिल्या वर्षाची दोन्ही सत्रे त्या उत्तीर्ण झाल्या. आता तिसऱ्या सत्राचा निकाल राखून ठेवला आहे, आणि बारावी नसल्याने विद्यापीठाच्या पात्रता विभागाने प्रवेश अमान्य केला, असे महाविद्यालयाने तोंडी सांगितले आहे. ‘स्वतःहून प्रवेश रद्द करत असल्याचे लिहून द्या, म्हणजे मूळ कागदपत्रे लगेच मिळतील’, असे कार्यालयातून सुचवले जाते. वर्गातले मित्र म्हणतात, हायकोर्टात गेलीस की स्टे मिळतोच. सासरे म्हणतात, शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये. भगिनींचे प्रश्न असे : मी काहीही लपवले नसताना मी अपात्र कशी, न्यायालयात जावे का, आणि गेले तर प्राध्यापकांचा राग माझ्या गुणांवर निघेल का?

उत्तर : ‘मी काही लपवले नाही’ हे वाक्य तुमच्या पत्रात वेगवेगळ्या शब्दांत पुन्हा पुन्हा येते, आणि तुमच्या बाजूने बोलणारी सर्वांत भक्कम गोष्ट तीच आहे. तुम्ही मात्र ते वाक्य एका चुकीच्या प्रश्नाचे उत्तर म्हणून वापरता आहात. काही लपवले नाही म्हणून मी पात्र आहे, असा तुमचा युक्तिवाद आहे, आणि तो न्यायालयात टिकणे कठीण आहे. न्यायालयापुढे अशा प्रकरणात दोन प्रश्न असतात : नियमाप्रमाणे विद्यार्थी पात्र होता का, आणि नसल्यास त्याला आत घेण्याचा दोष कोणाचा. तुमचे वाक्य दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आहे. पहिल्या प्रश्नाकडे आधी थंड डोक्याने पाहावे लागेल.

विधी शिक्षणाला कोणाला प्रवेश द्यायचा याचे नियम मुळात बार कौन्सिल ऑफ इंडिया ही वकिलांची देशपातळीवरील नियामक संस्था ठरवते. विद्यापीठ ते राबवते. बार कौन्सिलच्या २००८ च्या विधी शिक्षण नियमांतील पाचव्या नियमात दोन गोष्टी शेजारी शेजारी आहेत. दूरस्थ किंवा पत्रद्वारा पद्धतीने बारावी वा पदवी घेतलेल्यांनाही प्रवेश मिळू शकतो, ही एक. आणि मूलभूत अर्हता नसताना मुक्त विद्यापीठातून थेट बारावी, पदवी किंवा पदव्युत्तर पदवी मिळवलेल्यांना विधी अभ्यासक्रमाला प्रवेश घेता येणार नाही, हे स्पष्टीकरण ही दुसरी. तुमच्या सासरच्या नातेवाइकांनी ‘मुक्तची डिग्री चालत नाही’ असे जे ऐकवले, ते म्हणूनच खरे नाही. तुमची बी.ए. खोटी ठरलेली नाही, तिचे श्रमही वाया गेलेले नाहीत, आणि तुम्ही घरी शिकलात म्हणूनही कोणी हरकत घेतलेली नाही. दहावी आणि पदवी यांच्यामधली बारावीची पायरी नाही, एवढाच आक्षेप आहे, आणि तोही केवळ या एका अभ्यासक्रमापुरता. हा नियम मला स्वतःला कठोर वाटतो. ज्यांना सोळाव्या वर्षी शाळा सोडावी लागली आणि ज्यांनी पंचविशीत पुन्हा पुस्तक हातात घेतले, त्यांच्यावर तो अधिक जड पडतो, आणि अशांमध्ये बायका किती असतात हे वेगळे सांगायला नको. तथापि नियम कठोर असणे आणि तो बेकायदा असणे यांत अंतर आहे, आणि ते अंतर केवळ एका विद्यार्थिनीच्या याचिकेने ओलांडले जाईल अशी आशा तुम्हाला देणे मला योग्य वाटत नाही.

पहिल्या प्रश्नावर तुमच्याकडे एक वाट उरते. तुम्ही केलेला पूर्वतयारी अभ्यासक्रम बारावीला समकक्ष मानला गेला आहे का, आणि असल्यास कोणत्या प्रयोजनासाठी, हे मुक्त विद्यापीठाला लेखी विचारा आणि उत्तर लेखीच घ्या. समकक्षतेचे पत्र मिळाले तर चित्र बदलू शकते, न मिळाले तर या वाटेवर वकिलाला फार वेळ घालवायला लावू नका.

दुसरा प्रश्न मात्र तुमच्यासाठी खरोखर जिवंत आहे. १९७५ साली सर्वोच्च न्यायालयाने श्री कृष्णन विरुद्ध कुरुक्षेत्र विद्यापीठ या प्रकरणात विधी शाखेच्याच एका विद्यार्थ्याच्या बाजूने निकाल दिला होता. त्याची हजेरी कमी होती, आणि परीक्षेला बसू दिल्यानंतर विद्यापीठाने त्याची उमेदवारी रद्द करू पाहिली. परीक्षेआधी अर्जाची छाननी करणे हे विद्यापीठाचे कर्तव्य होते, विद्यार्थ्याने फसवणूक केलेली नसताना नंतर जाग येऊन चालणार नाही, असा त्या निकालाचा आशय आहे. १९८६ साली राजेंद्र प्रसाद माथुर विरुद्ध कर्नाटक विद्यापीठ या प्रकरणात अभियांत्रिकीचे काही विद्यार्थी अपात्र होते हे न्यायालयाने मान्य केले, आणि तरीही दोष प्रवेश देणाऱ्या महाविद्यालयांचा असल्याने त्यांना शिक्षण पूर्ण करू दिले. तुमच्या प्रकरणाच्या सर्वांत जवळचा निकाल २००८ चा, गुरु नानक देव विद्यापीठ विरुद्ध संजय कुमार कटवाल हा आहे. तिथेही विधी शाखेचा विद्यार्थी होता आणि त्याची पदवी मुक्त पद्धतीची होती. त्याची अर्हता मान्य नाही हे विद्यापीठाचे म्हणणे न्यायालयाने उचलून धरले, परंतु त्याने काही दडवलेले नव्हते आणि त्याला परीक्षेला बसू देण्यात आले होते, म्हणून त्याचा प्रवेश मात्र वाचवला.

हे निकाल वाचून लगेच हुरळून जाऊ नका, कारण दुसरी बाजूही तितकीच ठाम आहे. २०१० साली महर्षी दयानंद विद्यापीठ विरुद्ध सुरजीत कौर या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, नियमाच्या विरुद्ध कोणी चुकून परवानगी दिली म्हणून तो नियम त्या विद्यार्थ्यापुरता गळून पडत नाही. त्या प्रकरणात विद्यार्थिनीने नियमबाह्यपणे एकाच वेळी दोन अभ्यासक्रमांना प्रवेश घेतला होता आणि तिने ग्राहक मंचाकडे दाद मागितली होती. विद्यापीठ परीक्षा घेते तेव्हा ते ग्राहकाला सेवा विकत नसते, असे सांगून तिथला दिलासा रद्द झाला. तुम्हालाही कोणीतरी ‘कंझ्युमर कोर्ट स्वस्त पडते’ असा सल्ला देईल, त्या वाटेला जाऊ नका. या निकालांकडे एकत्र पाहिले तर असे दिसते की, सहानुभूतीचा दिलासा हा हक्क म्हणून मिळत नाही. तो त्या त्या प्रकरणातील कागदांवर अवलंबून असतो, आणि म्हणून तुमचे भवितव्य वकिलाच्या वक्तृत्वापेक्षा तुमच्या फाइलवर अधिक ठरणार आहे.

त्या फाइलमध्ये काय असावे, ते सांगतो. प्रवेशाच्या वेळी भरलेल्या अर्जाची प्रत हवी, ज्यात बारावीच्या रकान्यात तुम्ही काय लिहिले आहे ते दिसेल. ‘पूर्वतयारी परीक्षा उत्तीर्ण’ असे लिहिले असेल तर तुमची बाजू उभी राहते. रकाना कोरा सोडला असेल तर ती थोडी लंगडते. आणि फॉर्म भरून देणाऱ्या सायबर कॅफेवाल्याने तिथे भलतेच काही टाकले असेल, तर ते तुम्हाला आजच कळायला हवे, प्रतिपक्षाच्या प्रतिज्ञापत्रातून नव्हे. त्या वर्षीची सीईटीची माहितीपुस्तिका मिळवा. चालू वर्षीची उपयोगाची नाही, कारण पात्रतेची वाक्ये बदलत असतात. पात्रता अर्ज महाविद्यालयाने विद्यापीठाकडे कधी पाठवला, विद्यापीठाने त्रुटी कधी कळवली आणि ते पत्र महाविद्यालयाच्या कपाटात किती काळ पडून होते, हे माहितीच्या अधिकारात विचारा; सर्वसाधारणपणे तीस दिवसांत उत्तर देणे बंधनकारक असते. विद्यापीठाने पहिल्या सत्रातच त्रुटी कळवली होती आणि महाविद्यालयाने ती तुम्हाला दुसऱ्या वर्षापर्यंत सांगितली नाही, असे निघाले, तर दोष कोणाचा या प्रश्नाचे उत्तर कागदावरच येईल. हमीपत्राचीही प्रत घ्या. ‘अपात्र ठरल्यास माझी तक्रार राहणार नाही’ अशा आशयाची छापील वाक्ये त्यात असतात, आणि रांगेत उभे राहून ती कोणी वाचत नाही. त्या सहीमुळे तुमची बाजू काहीशी कमकुवत होते, पण छाननी वेळेवर करण्याच्या जबाबदारीतून संस्था मोकळी होते असे म्हणता येत नाही.

आणि ‘स्वतःहून प्रवेश रद्द करते’ असे काहीही लिहून देऊ नका. पत्रातली ही ओळ वाचून मला सर्वांत जास्त काळजी वाटली. तो कागद दिल्यावर महाविद्यालयाची चूक कागदोपत्री तुमची इच्छा बनते, आणि मग आव्हान द्यायला आदेशच उरत नाही. मूळ कागदपत्रे अडवून ठेवणे ही स्वतंत्र तक्रार आहे, तिची किंमत म्हणून राजीनामा देण्याचे कारण नाही.

सध्या तर तुमच्याकडे आव्हान देण्याजोगा आदेशही नाही, केवळ काउंटरवरचे बोलणे आहे. म्हणून या आठवड्यात करायची गोष्ट साधी आहे : प्राचार्यांना आणि विद्यापीठाच्या कुलसचिवांना पत्र लिहा, माझा निकाल कोणत्या नियमाखाली राखून ठेवला आहे आणि पात्रतेबाबतचा निर्णय काय आहे तो कारणांसह लेखी द्यावा, अशी मागणी करा, आणि दोन्हीकडे पत्र इनवर्ड करून शिक्क्याची पोच घ्या. ई-मेलही पाठवा, पण शिक्क्याची पोच सोडू नका. त्याच वेळी विद्यार्थी तक्रार निवारण समितीकडे अर्ज करा. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२३ च्या नियमांनुसार या समितीने तक्रार मिळाल्यापासून पंधरा कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा असतो, तो न पटल्यास पंधरा दिवसांत विद्यापीठाच्या लोकपालांकडे अपील करता येते, आणि लोकपालांनी तीस दिवसांत निकाल द्यावा अशी अपेक्षा आहे. बार कौन्सिलचा नियम बदलण्याचा अधिकार या समितीला नाही, तेव्हा तिच्याकडून चमत्काराची अपेक्षा ठेवू नका. तरीही अर्ज करायचा, कारण त्यामुळे संस्थेला आपली बाजू लेखी मांडावी लागते, आणि उद्या न्यायालयाने ‘आधी तिथे का गेला नाहीत’ असे विचारले तर तुमच्याकडे उत्तर असते. मात्र समितीच्या तारखांत चौथे सत्र निघून जाऊ देऊ नका. विलंब हा याचिकेचा मोठा शत्रू आहे, आणि उन्हाळ्याच्या सुटीत उच्च न्यायालयात केवळ तातडीची प्रकरणे सुटीच्या न्यायपीठापुढे ऐकली जातात, हेही वेळापत्रक आखताना ध्यानात ठेवा.

आता मित्रांच्या ‘स्टे मिळतोच’ याविषयी. कधी मिळतो, हे खरे आहे, आणि नेमका तिथेच धोका आहे. अंतरिम, म्हणजे अंतिम निकालापर्यंतच्या तात्पुरत्या, आदेशाने तुम्हाला परीक्षेला बसता येईल, पण निकाल बहुधा याचिकेच्या अंतिम निर्णयावर अवलंबून ठेवला जाईल. हा आदेश म्हणजे उसन्या छत्रीखाली उभे राहणे आहे. मालक केव्हा परत मागेल ते सांगता येत नाही. परीक्षा उत्तीर्ण होण्याआधीच वैद्यकीय विद्यार्थ्यांना इंटर्नशिप करू देणाऱ्या अंतरिम आदेशांवर सर्वोच्च न्यायालयाने १९९३ सालीच कडक ताशेरे ओढले आहेत, आणि २००३ साली सीबीएसईच्या एका प्रकरणात, नववी अनुत्तीर्ण असताना न्यायालयाच्या आदेशाने दहावीला बसलेल्या विद्यार्थिनीला मिळालेला दिलासाही त्याच न्यायालयाने टिकू दिला नाही. अंतरिम आदेशावर दोन वर्षे काढून, फी भरून, नोकरी सांभाळून शेवटी हातात काहीच न उरलेले विद्यार्थी असतात, आणि त्यांची गोष्ट कॅंटीनमध्ये कोणी सांगत नाही.

तुमच्या क्षेत्रात याला आणखी एक पदर आहे. समजा विद्यापीठाने तुम्हाला पदवी दिली. सनद, म्हणजे वकिली करण्याचा परवाना, मात्र महाराष्ट्र आणि गोवा बार कौन्सिलकडून घ्यायची असते, आणि तिथे तुमची कागदपत्रे दहावीपासून पुन्हा तपासली जातील. याचिकेत केवळ विद्यापीठ आणि महाविद्यालय असेल तर हाच वाद तीन वर्षांनी दुसऱ्या दारात उभा राहील. म्हणून याचिका केलीच तर बार कौन्सिल ऑफ इंडिया आणि राज्य बार कौन्सिल यांनाही प्रतिवादी करावे, असे वकिलांना आवर्जून सांगा. प्रवेश कायम करावा ही मुख्य मागणी, आणि ते शक्य नसल्यास महाविद्यालयाने घेतलेली फी परत करावी व भरपाई द्यावी ही पर्यायी मागणी, अशा दोन्ही मागण्या याचिकेत असू द्या. दुसरी मागणी करणे म्हणजे आधीच हार मानणे असे काही वकिलांना वाटते. मला तसे वाटत नाही.

खर्चाची चिंता तुम्ही पत्रात दबक्या आवाजात लिहिली आहे. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ नुसार स्त्रियांना मोफत विधी साहाय्य मिळण्याचा हक्क आहे, त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींनाही तो तसाच आहे. उच्च न्यायालयाची स्वतःची विधी सेवा समिती आहे, आणि १५१०० या हेल्पलाइनवर प्राथमिक माहिती मिळते. वकील खासगी घेतलात तरी शिक्षणविषयक याचिका नियमित चालवणारा घ्या, आणि पहिल्या भेटीत ‘जिंकू का’ असे विचारण्यापेक्षा ‘माझ्या अर्जातले कोणते वाक्य माझ्या विरुद्ध जाईल’ असे विचारा.

इतर वाचकांची प्रकरणे याहून वेगळी असू शकतात. ज्यांचे हॉल तिकीट हजेरीवरून अडले आहे, त्यांनी वर उल्लेखिलेला १९७५ चा निकाल परीक्षेआधी वापरता येईल असे समजू नये; तो बसू दिल्यानंतरच्या परिस्थितीचा आहे. हजेरीबाबत आजारपणाची कागदपत्रे सत्र चालू असतानाच द्यावीत, यादी लागल्यावर आणलेल्या दाखल्याला वजन राहत नाही. गुणांवरून केटी लागलेल्यांनी पुनर्मूल्यांकनाची मुदत आधी सांभाळावी. १९८४ साली महाराष्ट्र राज्य मंडळाच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाने विद्यार्थ्यांच्या बाजूने दिलेला निकाल सर्वोच्च न्यायालयाने फिरवला आणि पुनर्तपासणी हा आपसूक हक्क नाही असे ठरवले. आपली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क मात्र २०११ पासून माहितीच्या अधिकाराखाली मान्य झाला आहे. न्यायालय परीक्षकाच्या जागी बसून गुण वाढवत नाही, हे जेवढ्या लवकर पटेल तेवढे पैसे वाचतील.

तुमच्या सासऱ्यांशी वाद घालू नका, पण ज्या सुनेला त्याच पायरीवर रोज जाऊन काम करायचे आहे तिला ती म्हण ऐकवणे थोडे गमतीचे आहे, एवढे त्यांना हसत सांगायला हरकत नाही. त्यांची भीती पैशाची आणि दीर्घकाळ ताटकळण्याची असावी, आणि ती निराधार नाही. त्यांच्यापुढे मर्यादा मांडा : लेखी आदेश येईपर्यंत थांबणार, अर्जातला मजकूर स्वच्छ निघाला तर याचिका करणार, तो स्वच्छ नसेल तर फी आणि कागदपत्रे परत घेऊन बाहेर पडणार. बाहेर पडण्यात कमीपणा नाही. तुमची बी.ए. शाबूत आहे, पुढील पदव्युत्तर अभ्यासक्रमांचे नियम निरनिराळे असतात, तेव्हा तिथे अर्ज करण्याआधी पात्रतेचे कलम मात्र या वेळी स्वतः वाचा. आता बारावी दिली तर ही त्रुटी भरून निघेल का, हेही बार कौन्सिलला लेखी विचारा. पदवीनंतर केलेल्या बारावीने मागचा क्रम आपोआप सुधारतो असे गृहीत धरून बारावीला बाहेरून बसण्याचा फॉर्म १७ भरायला धावू नका.

राहिला प्राध्यापकांच्या रागाचा प्रश्न. विद्यापीठाच्या लेखी परीक्षेत तपासणाऱ्याला तुमचे नाव दिसत नाही, त्यामुळे तिथे ही भीती बाळगण्याचे कारण नाही. अंतर्गत गुण महाविद्यालयाच्या हाती असतात, म्हणून प्रत्येक असाइनमेंट वेळेत द्या, जमा केल्याची सही घ्या आणि वर्गातली हजेरी सोडू नका. बहुतेक शिक्षकांना अशा याचिकेचे काही वाटत नाही. कार्यालयातल्या एखाद्याला वाटले, तर त्याच्याशी बोलणे पत्रानेच करा. चौथ्या सत्राचा परीक्षा अर्ज मुदतीत भरा, स्वीकारला नाही तर तो स्वीकारला नाही हे लेखी मागा, आणि ते पत्र घेऊन त्याच दिवशी वकिलांकडे जा.